मांडव्याची वाट

बीडच्या रेल्वे स्टेशनावर उभे राहून आष्टीचे तिकीट काढायचे, ही गोष्ट आमच्या पिढीने नुसती ऐकत ऐकत केस पांढरे केले. १७ सप्टेंबर २०२५ रोजी, मराठवाडा मुक्तिसंग्राम दिनी, बीडहून अहिल्यानगरकडे पहिली गाडी सुटली. त्याच महिन्यात अतिवृष्टीने जिल्ह्यातील उभी पिके झोपवली, कुठे कुठे तर मातीच खरवडून नेली. त्यामुळे गाडी आल्याचा आनंद कोणाला मोकळ्या मनाने साजरा करता आला नाही. पुढे कार्तिकात, सावरलेल्या रानातून ज्वारीची पाने वर आली तेव्हा, मी या गाडीने आष्टीला निघालो. काम सरकारी नव्हते. मला आष्टी तालुक्यातले मांडवा पाहायचे होते. पूर्वी दोनदा त्या गावी गेलो होतो. पण तेव्हा पीक पाहिले, माती पाहिली, शाळेची वाट पाहायची राहून गेली होती.

डब्यात समोरच्या बाकावर एक आजोबा बसले होते. डोक्याला पांढरा फेटा, शेजारी दहा-अकरा वर्षांचा नातू. नातू खिडकीला नाक लावून बालाघाटच्या टेकड्या बघत होता. गोष्टी निघाल्या. आजोबा म्हणाले, "थोरला नातू उपजतच हुशार आहे सायेब. कशातबी घाला, पुढं. ह्याच्यात मात्र काही दम न्हाई. तालमीत घातला, चार दिवसांत रडत आला. बाळाचे पाय पाळण्यात दिसतात म्हनतात, ते काही खोटं न्हाई." पोराने हे ऐकले. त्याने मान वळवली नाही, पण त्याचे टेकड्या बघणे थांबले, हे मला कळले. मला काहीतरी बोलायचे होते. पण तेवढ्यात रायमोहा आले, माणसे चढली-उतरली, आणि बोलणे तुटले. त्या आजोबांना द्यायचे राहिलेले उत्तर इथे लिहितो आहे. वेळ लागेल, कारण त्या उत्तरात माझी स्वतःची एक चूकही आहे.

गाडी पुढे अमळनेर भांड्याचे या स्टेशनात आली. हा पाटोदा तालुका. याच तालुक्याचा पैलवान राहुल आवारे. २०१८ मध्ये ऑस्ट्रेलियातील गोल्ड कोस्ट येथे राष्ट्रकुल स्पर्धेत ५७ किलो गटात त्याने सुवर्णपदक घेतले, आणि २०१९ मध्ये जागतिक कुस्ती स्पर्धेत ६१ किलो गटात कांस्यपदक. वडील बाळासाहेब आवारे स्वतः पैलवान. पहिली माती त्यांनीच अंगाला लावली. पुढे पुण्यात हरिश्चंद्र बिराजदार आणि मग काका पवार यांच्या हाताखाली तो घडला. त्याचे नाव निघाले की आपण म्हणतो, "रक्तातच होतं." असेलही. पण ज्या घरात बाप पहाटे उठून जोर-बैठका काढायला लावतो, त्या घरात रक्त कोणते आणि सवय कोणती, हे वेगळे करणार कसे? चांगल्या बियाण्याला चांगली मशागत मिळाली, एवढे आपण खात्रीने म्हणू शकतो.

मांडव्याच्या अविनाश साबळेची गोष्ट मात्र वेगळी आहे, आणि म्हणूनच मी आष्टीला उतरलो. स्टेशनाबाहेरून मिळेल ते वाहन धरले आणि मांडवा गाठले.

अविनाशचा जन्म १३ सप्टेंबर १९९४ चा. आईवडील शेती करणारे, जोडीला वीटभट्टीवर राबणारे. शाळा घरापासून सहा किलोमीटर. वाहन नव्हते, म्हणून पोर कधी चालत, कधी पळत शाळेला जायचे. आज ही गोष्ट सगळे सांगतात, आणि जणू त्या वाटेनेच पदक दिले असे सांगतात. मी पारावर बसलेल्या एका म्हाताऱ्या शेतकऱ्याला तेच विचारले. ते हसले आणि म्हणाले, "सायेब, पायी तर आमच्या टायमाला समदीच पोरं शाळेला जायची. वाटेनं पदकं दिली असती तर घरटी एक लटकलं असतं."

हे वाक्य मी वहीत लिहून घेतले. वाट सगळ्यांना होती. मग फरक कुठे पडला?

बारावीनंतर अविनाश सैन्यात गेला, महार रेजिमेंटमध्ये. सियाचीनचा बर्फ, राजस्थानची वाळू, सिक्कीमचे डोंगर अशा ठिकाणी त्याने नोकरी केली. २०१५ मध्ये तो सैन्याच्या क्रॉस कंट्री स्पर्धेत, म्हणजे माळरानावरच्या लांब पल्ल्याच्या शर्यतीत उतरला. तेव्हा त्याचे वय एकवीसच्या आसपास. देशाला त्याचे नावही ठाऊक नव्हते. पुढे मध्यंतरी वजन वाढले, ते उतरवावे लागले. मग प्रशिक्षक अमरीश कुमार यांच्या नजरेखाली २०१७ पासून त्याने ३००० मीटर स्टीपलचेस ही शर्यत धरली. ज्या पायांवर आज सारा जिल्हा गर्व करतो, त्या पायांना त्यांची खरी शर्यत तेविसाव्या वर्षाच्या उंबरठ्यावर सापडली. पाळणा केव्हाच माळ्यावर गेला होता!

ही शर्यत आहे तरी काय, हे आपल्या वाचकांना सांगितले पाहिजे, कारण तिचा जन्म खेड्यात झाला आहे. पूर्वी ब्रिटन-आयर्लंडकडे एका गावच्या चर्चच्या मनोऱ्यापासून दुसऱ्या गावच्या मनोऱ्यापर्यंत शर्यत लावीत. मध्ये येणारी कुंपणे, बांध, ओढे ओलांडत जायचे. तेच आता मैदानावर आणले आहे. साडेसात फेऱ्या, २८ अडथळे आणि ७ पाण्याच्या उड्या. पुरुषांच्या शर्यतीत अडथळ्याची उंची ९१.४ सेंटीमीटर, म्हणजे तीन फूट. इतर अडथळ्यांच्या शर्यतीत पाय लागला तर चौकट आडवी होते. इथे जाड तुळई असते, ती हलत नाही. पाय लागला तर माणूस आडवा होतो. पाण्याचा खड्डा बारा फूट लांब. भिजलेल्या बुटांनी पुढे पळायचे, आणि श्वास फुललेला असताना पुढची तुळई कोणत्या पायाने ओलांडायची याचा अंदाज आधीच घ्यायचा.

आता आकडे बघा. या शर्यतीतला भारताचा विक्रम गोपाल सैनी यांनी १९८१ मध्ये केला होता : ८ मिनिटे ३०.८८ सेकंद. तो ३७ वर्षे टिकला. २०१८ मध्ये भुवनेश्वरला अविनाशने ८ मिनिटे २९.८० सेकंदांत तो मोडला. म्हणजे जेमतेम एका सेकंदाने. २०१९ मध्ये पतियाळाला ८:२८.९४. त्याच वर्षी दोह्याच्या जागतिक स्पर्धेत आधी ८:२५.२३ आणि मग ८:२१.३७. २०२१ मध्ये ८:२०.२०, आणि टोकियो ऑलिंपिकला ८:१८.१२. २०२२ मध्ये तीनदा : ८:१६.२१, ८:१२.४८ आणि ८:११.२०. जुलै २०२४ मध्ये पॅरिसच्या डायमंड लीग स्पर्धेत ८:०९.९१. एकाच माणसाने दहा वेळा विक्रम केला. त्यात नऊ वेळा तर स्वतःचाच मोडला.

सहा वर्षांत सुमारे वीस सेकंद कमी झाले. एकूण ३५ उड्यांवर ते वाटले तर एका उडीमागे अर्ध्या सेकंदाहून थोडे जास्त येतात. सगळी बचत उड्यांतच झाली असे मी म्हणत नाही. दम वाढला, ताकद वाढली, शर्यत कशी लढवायची हे कळले. पण कसबाची वाढ कशी होते हे या आकड्यांत स्वच्छ दिसते. ती उडी मारून येत नाही. माठाखाली ओल धरते तशी हळूहळू धरते.

२०२२ चे ८:११.२० हे बर्मिंगहॅमच्या राष्ट्रकुल स्पर्धेतले. १९९८ पासून २०१८ पर्यंत सहा स्पर्धांत या शर्यतीची तिन्ही पदके केनियाचेच धावपटू नेत आले होते. त्या रांगेत मांडव्याचा पोरगा घुसला आणि रौप्यपदक घेऊन आला. सुवर्ण हुकले ते एका सेकंदाच्या शंभर भागांतल्या पाच भागांनी. २०२३ मध्ये चीनमधील हांगझोऊ येथे आशियाई स्पर्धेत त्याने या शर्यतीत सुवर्ण आणि ५००० मीटरमध्ये रौप्य मिळवले. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये या शर्यतीच्या अंतिम फेरीत पोचणारा तो पहिला भारतीय पुरुष ठरला. क्रमांक अकरावा आला. आणि जुलै २०२५ मध्ये मोनॅकोला पाण्याच्या उडीवर तो पडला. गुडघा दुखावला, शस्त्रक्रिया झाली, त्या वर्षीची जागतिक स्पर्धा हुकली. इतक्या वर्षांचा सराव गाठीशी असलेल्या माणसालाही त्या पाण्याने सोडले नाही, हेही आपण ध्यानात ठेवावे.

मग प्रश्न राहतोच : हे उपजत की सरावाचे? परदेशातील विद्वानांनी यावर पुष्कळ काथ्याकूट केला आहे. १९९३ मध्ये अँडर्स एरिक्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी बर्लिनमधील व्हायोलिन शिकणाऱ्या विद्यार्थ्यांचा अभ्यास प्रसिद्ध केला. जे सर्वांत सरस होते त्यांनी विसाव्या वर्षापर्यंत सरासरी दहा हजार तास एकट्याने रियाज केला होता. इतरांचे तास कमी भरले. त्यावरून लोकांनी धरून चालले की तास भरले की कोणीही उस्ताद होतो. पण २०१४ मध्ये अनेक अभ्यास एकत्र करून पाहिले, तेव्हा खेळाडूंच्या कामगिरीतल्या फरकापैकी सुमारे १८ टक्केच फरक सरावाच्या तासांनी उलगडला. बाकीच्यात अंगकाठी, शिकवणारा, सुरुवातीचे वय, संधी, असे पुष्कळ काही आले. म्हणजे सराव खोटा नाही, आणि नुसता सराव पुरेसाही नाही.

शेतकऱ्याला यात नवल वाटू नये. वाण आणि मशागत यांतले मोठे कोण, असा वाद आपण कधी घालतो का? वाण हलके असेल तर खत घालून ठरावीक मर्यादेपुढे उतारा जात नाही, आणि वाण भारी असूनही तणात सोडले तर हाती काही लागत नाही. पण एक गोष्ट आपण सगळे जाणतो. पेरणीआधी सोयाबीनचे शंभर दाणे मोजून ओल्या गोणपाटात गुंडाळतो, चार-पाच दिवस ओल टिकवतो, आणि मग कोंब मोजतो. सत्तर उगवले तर बियाणे पेरणीलायक. कोरड्या पोत्यात हात घालून कोणी उगवण सांगू लागला तर आपण त्याला हसू. मग पोराच्या बाबतीत कोरड्या पोत्यात हात घालूनच निकाल का देतो?

मीही तसा निकाल दिला होता. ती चूक आता सांगतो.

पंचवीस-सत्तावीस वर्षांपूर्वीची गोष्ट. आपला बालाघाट सीताफळाचा. बीडच्या सीताफळाला २०१६ मध्ये भौगोलिक मानांकन मिळाले, अंबाजोगाईला त्याचे संशोधन केंद्र आहे. त्या काळी आम्ही गावोगाव कलमे बांधण्याचे शिक्षण देत होतो. रोपवाटिका निघाली तर बायकांच्या हाताला घराजवळ काम मिळेल, हा हेतू. काम तसे नाजूक. खुंटरोपाचा शेंडा कापून मधोमध चीर घ्यायची. पेन्सिलीएवढ्या जाडीच्या डोळकाडीला दोन्ही अंगांनी तिरपा काप देऊन पाचर करायची. काप एका हातात, सपाट. चाकू दोनदा फिरला की पृष्ठभाग वर-खाली होतो, साल सालीला भिडत नाही. मग पाचर चिरेत बसवून प्लास्टिकच्या पट्टीने घट्ट बांधायची. हे सारे काडी सुकायच्या आत.

एका गावात पंधरा-सोळा जण बसले होते. शेवटच्या रांगेत एक नवी सून होती, अठरा-एकोणीस वर्षांची. प्रत्येकाने वीस कलमे बांधली. महिन्याभराने जाऊन मोजली. पुढच्या रांगेतल्या एका गड्याची चौदा फुटली होती. तिची दोन. मी सगळ्यांदेखत म्हणालो, "सूनबाई, हे तुमच्या हाताचं काम नाही. हाताला मुळात वळण लागतं." लोक हसले. तीही हसली, पदर सावरून. पुढच्या शिक्षणाला ती आली नाही. मी तिला विसरूनही गेलो.

पुढे वीसेक वर्षांनी शेतकऱ्यांना घेऊन कोल्हापूरकडे ऊसशेती बघायला गेलो होतो. एका फडात आमच्याकडची टोळी तोडणी करीत होती. मी थांबलो, कारण एका बाईची तोड बघण्यासारखी होती. ऊस अगदी जमिनीलगत कापला जात होता, एका घावात, बुडखा न फाटता. खालच्या कांड्यांत साखर जास्त असते, बुडखा वर राहिला तर कारखान्याचेही नुकसान आणि खोडव्याचेही. दुसऱ्या हाताने पाचट निघत होते, शेंडा उडत होता. वाढ्याच्या आळ्याने मोळी बांधली जात होती, आणि सगळ्या मोळ्या सारख्या, मापाने बांधल्यासारख्या. मी सोबतच्या शेतकऱ्यांना म्हणालो, "बघा, हाताला काय वळण आहे!"

बाईने वर पाहिले. कोयता खाली ठेवला. "वळखलं न्हाई का सायेब? तुम्हीच म्हनला व्हता, माझ्या हाताला वळन न्हाई."

मला काय बोलावे सुचेना. तीच पुढे म्हणाली, रागाने नव्हे, सहज सांगावे तशी, "त्या दिशी चाकू बोथट व्हता सायेब. धारेचे चाकू म्होरं वाटले, माघारी उरले ते आमाला दिले. काड्याबी सुकल्या व्हत्या. तवा नवी नवरी व्हते, तुमच्यासमोर बोलायची हिंमत न्हाई झाली."

चाकू मीच वाटले होते. कोणाला कसा चाकू आला हे मी पाहिले नव्हते. चौदा फुटले त्या गड्याचा बाप आंब्याची कलमे बांधायचा, हेही मला मागाहून कळले होते. म्हणजे मी ज्याला उपजत समजलो तो आधीचा सराव होता, आणि जिला अंगात नाही म्हणालो तिच्या हातात धार नव्हती. ज्या हातांना मी काढून टाकले ते हात दरसाल सहा महिने फडावर जात राहिले. रोपवाटिकेचे काम तिला जमले असते की नाही, हे आज कोणीच सांगू शकणार नाही. कळायची संधीच मी ठेवली नाही.

आणखी एक गोष्ट त्या फडात माझ्या लक्षात आली. आपल्या जिल्ह्यातून दरवर्षी लाखो माणसे ऊसतोडीला जातात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. पहिल्या हंगामात प्रत्येकाच्या हाताला फोड येतात, मोळ्या सुटतात, मुकादम ओरडतो. पण "याला तोडणीची देणगी नाही, घरी पाठवा" असे कोणी म्हणत नाही, कारण उचल घेतलेली असते आणि घर चालवायचे असते. म्हणून सगळे शिकतात, आणि चांगले शिकतात. कोणी थोडे उजवे, कोणी थोडे डावे, पण कच्चे कोणी राहत नाही. जिथे शिकल्यावाचून गत्यंतर नसते तिथे देणगीचा प्रश्न आपण काढत नाही. तो प्रश्न आपण शाळेत काढतो, तालमीत काढतो, शिक्षणवर्गात काढतो. जिथे पोराला सोडून देणे सोपे असते तिथे.

त्या दिवसापासून माझी रीत बदलली. आता कलमांच्या वर्गात आधी चाकूंना माझ्यासमोर धार लागते. सगळ्यांना एकसारख्या, ओल्या कापडात ठेवलेल्या काड्या मिळतात. पहिली खेप आम्ही मोजतच नाही. वाया गेलेले कलम सोडून बघतो : काप वाकडा झाला, की पट्टी सैल राहिली, की साल जुळली नाही? एका खेपेला एकच चूक सुधारायची. पाचव्या खेपेनंतर मोजायचे. तेव्हाही सगळे सारखे निघत नाहीत, हे खरे. काहींची वीसपैकी अठरा फुटतात. मी स्वतः इतक्या वर्षांत तेरा-चौदाच्या वर फारसा गेलो नाही, आणि आता जाईन असे वाटत नाही. पण पहिल्या दिवशी मागे असलेले पाचव्या खेपेला पुढे गेल्याचे मी इतक्यांदा पाहिले आहे, की पहिल्या दिवसाच्या निकालावरचा माझा विश्वास उडाला आहे.

मांडव्याहून परत निघताना ऊन उतरले होते. दप्तरे पाठीला लावून काही मुले रस्त्याने घरी येत होती. त्यांतली दोन उगाचच पळत सुटली, जशी सगळी मुले सुटतात. त्यांतला कोणी धावपटू होईल का, हे मला त्यांच्या पायांकडे बघून सांगता आले नाही, आणि सांगण्याचा प्रयत्नही मी केला नाही.

गाडीतल्या आजोबांना मला एवढेच म्हणायचे होते : बाबा, तालमीत चार दिवसांत रडत आला म्हणून पोराचा निकाल लावू नका. चार दिवसांत गोणपाटातले दाणेदेखील धडपणे मोजता येत नाहीत. त्याला पहिल्याच दिवशी आपल्याहून मोठ्या पोराशी धरायला लावले होते का, ते विचारा. तालीमच नको असेल तर दुसरे काही धरू द्या. अविनाशलाही त्याची शर्यत एकदम सापडली नव्हती. जे धरील ते दोन-तीन वर्षे निगुतीने करू द्या, चूक दाखवणारा कोणी जवळ असू द्या. त्यानंतरही जमले नाही तर नाही. सगळ्या रानात एकच पीक येत नसते. पण थोरल्याशी तुलना करून, त्याच्या कानांदेखत, "ह्याच्यात दम न्हाई" असे म्हणू नका. पोरे ते ऐकतात, आणि काही बोलत नाहीत.

बोलायला कोणाकोणाला वीस वर्षे लागतात.